काळ्या चेहऱ्यावरची काजळी

मूकपटातील विनोद म्हटला की चार्ली चॅप्लिन, बस्टर कीटन ही नावे तोंडी येतात. बर्ट विल्यम्स हे नाव कुणी घेत नाही. ते आज आम्ही घेतो.

विल्यम्स यांचा जन्म १८७४ साली बहामा बेटांवरील नासाऊचा. लहानपणीच कुटुंब अमेरिकेत आले. तेथील रंगभूमीवर गोरे नट जळक्या बुचाची काजळी तोंडाला फासून काळ्यांची टर उडवीत. हा मुखवटा प्रेक्षकांच्या इतका अंगवळणी पडला होता, की खुद्द काळ्या कलावंतालाही त्याशिवाय काम मिळणे कठीण. उजळ वर्णाच्या विल्यम्स यांनाही तीच काजळी फासावी लागली. स्वतःच्याच माणसांची नक्कल स्वतः करायची, ही केवढी क्रूर अट!

१९०३ मध्ये जोडीदार जॉर्ज वॉकर यांच्यासह त्यांनी ‘इन दाहोमी’ हे काळ्या कलावंतांचे संगीत नाटक ब्रॉडवेवर गाजविले. १९१० मध्ये ते झीगफेल्डच्या नामांकित गोऱ्या कंपनीत गेले. काळ्यासोबत रंगमंचावर उभे राहणार नाही, अशी धमकी काही गोऱ्या नटांनी दिली. झीगफेल्ड बधले नाहीत आणि विल्यम्स कंपनीचे मोठे आकर्षण ठरले.

१९१३ मध्ये त्यांनी काळ्या कलावंतांसह एका विनोदी चित्रपटाचे चित्रीकरण केले. त्यात काळी माणसे नटूनथटून सहलीला जातात, नाचतात, प्रेम करतात. काजळी फक्त विल्यम्स यांच्या तोंडाला आहे. हा चित्रपट अपुराच राहिला. न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात दशकानुदशके पडून असलेली त्याची रिळे लोकांसमोर आली ती २०१४ मध्ये!

१९१६ च्या ‘अ नॅचरल बॉर्न गॅम्बलर’ या लघुपटाच्या शेवटी तुरुंगातला विल्यम्स हातात एकही पत्ता नसताना एकटाच पत्त्यांचा डाव खेळतो. काजळीआडून आशा, लबाडी, हताशा सारे दिसते. मुखवटा व्यवस्थेने दिलेला होता. त्यामागचा माणूस विल्यम्स यांनी जिवंत ठेवला.

४ मार्च १९२२ रोजी वयाच्या ४७ व्या वर्षी ते गेले. काजळी फासली म्हणून त्यांना दोष देणे सोपे आहे. आम्ही तो देणार नाही. कलावंताच्या पोटापाण्याची किंमत म्हणून त्याचा स्वाभिमान मागणारी व्यवस्थाच खरी आरोपी आहे. म्हणून पडद्यावर हसताना आपण विनोदाला हसतो की माणसाच्या रंगाला, जातीला, बोलीला, एवढे प्रत्येकाने तपासावे.