छायाप्रकाशाचा जर्मन शिल्पकार

मुंबईच्या मालाडमध्ये 1934 साली हिमांशू राय आणि देविका राणी यांनी ‘बॉम्बे टॉकीज’ उभारली, तेव्हा तिच्या कॅमेऱ्यामागे एक जर्मन तंत्रज्ञ उभा होता. त्याचे नाव जोसेफ विर्शिंग. पडद्यावरच्या ताऱ्यांना रसिकांनी डोक्यावर घेतले. त्यांना प्रकाशात आणणारा हा माणूस मात्र श्रेयनामावलीपुरताच उरला.

विर्शिंग यांचा जन्म 1903 साली म्युनिकमध्ये झाला. दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांच्या चमूबरोबर ते 1925 च्या ‘प्रेम संन्यास’ या बुद्धचरित्रावरील मूकपटासाठी प्रथम भारतात आले. पुढे ‘बॉम्बे टॉकीज’च्या स्थापनेबरोबर ते मुंबईत स्थिरावले. ‘जवानी की हवा’ (1935), ‘अछूत कन्या’ (1936), ‘कंगन’ (1939) अशा चित्रपटांचे छायालेखन त्यांनी केले. अशोककुमार यांची नायक म्हणून कारकीर्द त्यांच्याच कॅमेऱ्यासमोर सुरू झाली. ‘किस्मत’चे (1943) छायालेखक आर. डी. परींजा हे त्यांच्याच हाताखाली तयार झाले.

1939 मध्ये दुसरे महायुद्ध भडकले आणि सारे चित्रच पालटले. शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून ब्रिटिश सरकारने भारतातील जर्मनांना ताब्यात घेतले. ऑस्टेन पुढे मायदेशी परतले. विर्शिंग यांच्या वाट्याला मात्र युद्धकाळातील स्थानबद्धता आली. ऐन उमेदीची वर्षे कॅमेऱ्याविना गेली.

युद्धानंतर त्यांनी पुन्हा कामाला हात घातला तो भारतातच. कमाल अमरोहींच्या ‘महल’मध्ये (1949) ओसाड हवेली, झुलता झोपाळा आणि मधुबालेचा गूढ वावर त्यांनी काळोखातून साकारला. ‘दिल अपना और प्रीत पराई’ (1960) त्यांनीच चित्रित केला. अमरोहींचा महत्त्वाकांक्षी ‘पाकीजा’ कृष्णधवलात सुरू होऊन रंगीत सिनेमास्कोपपर्यंत पोहोचला. पण मधेच रखडला. 1967 साली विर्शिंग यांचे निधन झाले. उरलेले चित्रण इतर छायालेखकांनी पूर्ण केले आणि 1972 च्या फेब्रुवारीत ‘पाकीजा’ झळकला.

विर्शिंग यांनी टिपलेली ‘बॉम्बे टॉकीज’ची स्थिरचित्रे कुटुंबीयांनी जतन केली होती. 2017 मध्ये गोव्यात त्यांचे प्रदर्शन भरले. मूळ फिती काळाच्या ओघात विरत असताना, मालाडच्या त्या स्टुडिओचे रूप नव्या पिढीला या छायाचित्रांतूनच पाहायला मिळाले. ज्या देशाने त्यांना शत्रू ठरवून कोंडले, त्याच देशाच्या चित्रस्मृती त्यांच्या हातून वाचल्या.