ईडिथ कार्लमार : स्वातंत्र्याची दहा वर्षे

नॉर्वेच्या पहिल्या स्त्री-दिग्दर्शिका ईडिथ कार्लमार यांचा जन्म १५ नोव्हेंबर १९११ रोजी क्रिस्तियानिया, म्हणजे आजच्या ओस्लो येथे झाला. रंगभूमीवरील अभिनेत्री म्हणून त्यांच्या कलाजीवनास आरंभ झाला. पती ऑटो कार्लमार यांच्या सहकार्याने त्यांनी 'कार्लमार फिल्म' ही स्वतःची निर्मितिसंस्था उभारली. तिच्या अनेक पटकथा ऑटो यांनीच लिहिल्या. त्या वेळी नॉर्वेची लोकसंख्या सुमारे ३३ लाख होती. इतक्या लहान भाषिक समाजात निर्मात्याला स्वातंत्र्य टिकवावयाचे, तर सामान्य प्रेक्षकाला दूर ठेवणे परवडण्यासारखे नव्हते. कार्लमार यांच्या कारकिर्दीतील सारा ताण या एका अटीतून निर्माण झाला.

आर्वे मोएन यांच्या कादंबरीवरून १९४९ मध्ये त्यांनी पहिला चित्रपट केला. त्याच्या शीर्षकाचा अर्थ 'मृत्यू हा एक प्रेमस्पर्श' असा होतो. मोटारदुरुस्ती करणारा तरुण आणि धनिक विवाहिता यांच्या विनाशक आसक्तीची ही कथा नॉर्वेतील पहिला 'फिल्म नॉयर' मानली जाते. पुढे 'घायाळ' (१९५१) या चित्रपटात त्यांनी मनोरुग्णतेचा, तर 'तरुण पत्नी बेपत्ता' (१९५३) यात मादक द्रव्यांच्या व्यसनाचा प्रश्न हाताळला. हे विषय त्यांनी प्रचाराच्या पातळीवर न नेता दांपत्यजीवनाच्या चौकटीत मांडले. घरातील मौनातून शोकांतिका कशी आकार घेते, हे त्यातून प्रत्ययास येते.

त्यानंतर त्या विनोदी चित्रपटांकडे वळल्या. पर्वतीय हॉटेलातील घोटाळ्यांवर आधारलेला, लाइफ यूस्टेर यांच्या भूमिकेचा १९५७ मधील प्रहसनपट विलक्षण लोकप्रिय झाला. समीक्षकांच्या लेखी अशा कृती दुय्यम ठरतात. परंतु ज्या लोकाश्रयावर स्वतंत्र संस्था जगते, तो याच कृतींनी मिळवून दिला, हे विसरता येत नाही.

नील्स योहान रूद यांच्या कादंबरीवर आधारलेला 'तरुण पलायन' (१९५९) हा त्यांचा दहावा आणि अखेरचा चित्रपट. समाजाने बदनाम ठरविलेल्या तरुणीच्या या भूमिकेतून लिव उलमान प्रथमच नायिका म्हणून पुढे आल्या. त्यानंतर कार्लमार यांनी दिग्दर्शन केले नाही. १७ मे २००३ रोजी त्यांचे निधन झाले.

त्यांच्या गंभीर चित्रपटांना गौरवून विनोदी चित्रपटांना वगळणे म्हणजे त्यांच्या स्वातंत्र्याची किंमत नजरेआड करणे होय. दोहोंचा एकत्र विचार केला, तरच ही कारकीर्द पूर्णत्वाने समजते.