एका रविवारच्या रात्री घडलेला अभिनेता

डिसेंबर १९५४ मधला दुसरा रविवार. ब्रिटनमध्ये तेव्हा दूरचित्रवाणीची एकच वाहिनी होती, ती बीबीसीची. रात्रीच्या जेवणानंतर संचासमोर बसलेल्या कुटुंबांना त्या दिवशी जे पाहायला मिळाले, ते त्यांच्या सवयीतले नव्हते. जॉर्ज ऑर्वेल यांच्या ‘नाइन्टीन एटी-फोर’ या कादंबरीचे सुमारे दोन तासांचे नाट्यरूपांतर थेट प्रक्षेपित होत होते. सत्तेच्या पहाऱ्यात श्वास घेणाऱ्या, प्रेम करण्याचा गुन्हा करणाऱ्या आणि अखेर यातनागृहात मोडून पडणाऱ्या विन्स्टन स्मिथची भूमिका करीत होते पीटर कुशिंग. पुढे फ्रँकेन्स्टाइन आणि ड्रॅक्युलाच्या भयपटांमुळे जगाला ठाऊक झालेला हा चेहरा ब्रिटनच्या घराघरांत पोहोचला तो मात्र या विन्स्टनमुळे.

कुशिंग यांचा जन्म २६ मे १९१३ रोजी सरे परगण्यातील केनली येथे झाला. वडील बांधकामांच्या मोजमापाचा आणि खर्चाचा हिशेब करणाऱ्या व्यवसायात होते. मुलानेही तीच वाट धरावी या अपेक्षेने त्याला स्थानिक नगरपालिकेच्या सर्वेक्षण विभागात चिकटवण्यात आले. कुशिंग यांचे मन तेथे रमले नाही. नोकरी सांभाळून हौशी नाटके आणि गिल्डहॉल संस्थेतील शिक्षण असा प्रवास करीत १९३५ साली त्यांनी वर्दिंगच्या नाटक मंडळीत पाऊल ठेवले.

१९३९ साली वडिलांनी काढून दिलेले केवळ जाण्याचे तिकीट घेऊन ते हॉलिवूडला गेले. तेथे मिळालेले पहिले काम विलक्षण होते. ‘द मॅन इन द आयर्न मास्क’ या चित्रपटात लुई हेवर्ड जुळ्या भावांची दुहेरी भूमिका करीत होते. चित्रीकरणावेळी त्यांच्यासमोर उभे राहून दुसऱ्या भावाचे संवाद म्हणायचे, हे कुशिंग यांचे काम. पडद्यावर अर्थातच दोन्हीकडे हेवर्डच दिसणार होते. सोबतीला एक छोटी भूमिका पदरात पडली, एवढाच दिलासा. लॉरेल आणि हार्डी यांच्या ‘अ चंप अॅट ऑक्सफर्ड’मध्येही ते झळकले. पण युरोपात युद्ध पेटले होते आणि मायदेशाची ओढ अनावर झाली होती. मिळेल ते काम करीत, कॅनडामार्गे ते १९४२ साली इंग्लंडला परतले.

युद्धकाळात सैनिकांच्या करमणुकीसाठी होणाऱ्या नाटकांमध्ये त्यांची गाठ हेलन बेक यांच्याशी पडली. १० एप्रिल १९४३ रोजी दोघे विवाहबद्ध झाले. यापुढचे कुशिंग यांचे आयुष्य हेलन यांना वगळून सांगताच येत नाही. लॉरेन्स ऑलिव्हिए यांच्या ‘हॅम्लेट’ (१९४८) चित्रपटात त्यांना ऑसरिकची भूमिका मिळाली. त्याच वर्षी ऑलिव्हिए यांच्या ओल्ड व्हिक मंडळीबरोबर ऑस्ट्रेलियाचा दौरा झाला. तरीही घरची ओढाताण संपेना. रिकाम्या दिवसांत कुशिंग रेशमी स्कार्फवर नक्षी काढून चार पैसे मिळवीत. चाळिशी जवळ आलेल्या नटाला आता उभारी येईल, असे मानायला फारसा आधार नव्हता. अशा वेळी दूरचित्रवाणीच्या निर्मात्यांना पत्रे लिहिण्याचा आग्रह हेलन यांनी धरला. रंगभूमीवरची प्रतिष्ठित मंडळी तेव्हा या नव्या माध्यमाकडे नाक मुरडूनच पाहत. कुशिंग यांना तो तोरा परवडणारा नव्हता. १९५१ पासून कामे मिळू लागली. १९५२ साली ‘प्राइड अँड प्रेज्युडिस’मधील डार्सी त्यांनी साकारला आणि दोन वर्षांत विन्स्टन स्मिथ त्यांच्या वाट्याला आला.

ऑर्वेल यांची कादंबरी १९४९ सालची. बिहारमधील मोतिहारी येथे जन्मलेल्या आणि युद्धकाळात बीबीसीवरून हिंदुस्थानसाठीचे कार्यक्रम करणाऱ्या या लेखकाचे जानेवारी १९५० मध्ये निधन झाले होते. कादंबरीचा नायक सत्य मंत्रालयातला कारकून. सरकारच्या आजच्या भूमिकेशी जुळावेत म्हणून जुन्या वृत्तपत्रांतील मजकूर बदलणे, हे त्याचे रोजचे काम. नायजेल नील यांनी पटकथा लिहिली आणि व्हिएन्नात जन्मलेल्या रुडॉल्फ कार्टिए यांनी दिग्दर्शन केले. कार्टिए ज्यू होते. नाझी राजवटीमुळे त्यांना बर्लिन सोडावे लागले होते. हुकूमशाही त्यांना पुस्तकातून समजून घ्यायची नव्हती.

थेट प्रक्षेपण म्हणजे नटाची कसोटी. लंडनच्या लाइम ग्रोव्ह स्टुडिओत एकाला एक लागून नेपथ्ये उभारलेली, संगीताचा वाद्यवृंद शेजारच्या स्टुडिओत वाजतो आहे आणि अधूनमधून आधी चित्रित केलेला तुकडा सुरू झाला की तेवढ्या वेळात कलावंतांनी धावत जाऊन कपडे बदलायचे, पुढच्या नेपथ्यात उभे राहायचे. चूक झाली तर ती देशभर दिसणार. कुशिंग जवळजवळ प्रत्येक प्रसंगात होते. यव्हॉन मिचेल यांची ज्युलिया, आंद्रे मोरेल यांचा थंड डोक्याचा ओब्रायन आणि डोनाल्ड प्लेझन्स यांचा साइम अशी तोलामोलाची साथ होती. तरी क्रमांक १०१ च्या खोलीत, उंदरांच्या पिंजऱ्यासमोर, माणूसपण गळून पडतानाचा विन्स्टनचा चेहरा प्रेक्षकांच्या डोक्यातून जाईना.

प्रक्षेपण संपताच गदारोळ उठला. बीबीसीकडे तक्रारींचा ओघ लागला, वृत्तपत्रांनी रकाने भरले, कार्टिए यांना जिवे मारण्याच्या धमक्या आल्या. काही खासदारांनी संसदेत अशा कार्यक्रमांचा निषेध करणारा प्रस्ताव मांडला, तर इतरांनी बीबीसीची बाजू घेतली. त्याकाळी नाटक ध्वनिचित्रमुद्रित करून पुन्हा दाखवण्याची प्रथा नव्हती. रविवारी झालेले नाटक गुरुवारी सर्व कलावंत पुन्हा येऊन नव्याने करीत. हा गुरुवारचा प्रयोग रद्द करावा, असा दबाव वाढला. अखेर बीबीसीच्या नियामक मंडळात मतदान झाले आणि निसटत्या बहुमताने प्रयोगाला परवानगी मिळाली. राणी आणि आपण हे नाटक पाहिले व ते आवडले, असे प्रिन्स फिलिप यांनी बोलून दाखवल्याने विरोधाची धारही बोथट झाली. १६ डिसेंबरचा प्रयोग सुमारे सत्तर लाख लोकांनी पाहिला. १९५३ च्या राज्यारोहण सोहळ्यानंतर एवढा प्रेक्षक दूरचित्रवाणीला मिळाला नव्हता.

गंमत अशी की, १९५६ साली याच कादंबरीवर चित्रपट निघाला तेव्हा विन्स्टनसाठी अमेरिकन नट एडमंड ओब्रायन यांची निवड झाली. कुशिंग यांना मात्र छोट्या पडद्यावरील सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा बहुमान मिळाला आणि हॅमर या चित्रसंस्थेचे दार उघडले. ‘द कर्स ऑफ फ्रँकेन्स्टाइन’ (१९५७) आणि क्रिस्टोफर ली यांच्यासोबतचा ‘ड्रॅक्युला’ (१९५८) जगभर गाजले. पुढे शेरलॉक होम्स झाला, डॉक्टर हू झाला. सुमार पटकथांमध्येही कुशिंग यांनी आपले काम कधी उरकून टाकले नाही.

१४ जानेवारी १९७१ रोजी हेलन गेल्या. केंटच्या किनाऱ्यावरील व्हिट्स्टेबल गावच्या घरात एकटे उरलेले कुशिंग त्यानंतर पूर्वीचे राहिले नाहीत. दुःख विसरण्यासाठी ते अखंड काम करीत राहिले. १९७७ च्या ‘स्टार वॉर्स’मध्ये क्रूर टार्किन रंगवताना बूट चावत म्हणून ते सपाता घालून उभे राहत आणि कॅमेरा कमरेखाली उतरत नसे. १९८२ मध्ये कर्करोगाचे निदान झाले. डॉक्टरांनी जेमतेम दीड वर्षाची मुदत दिली होती, ते बारा वर्षे जगले. ११ ऑगस्ट १९९४ रोजी कँटरबरी येथे वयाच्या ८१ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.

२०१६ च्या ‘रोग वन’ चित्रपटात संगणकाच्या साहाय्याने त्यांचा चेहरा दुसऱ्या नटाच्या चेहऱ्यावर बसवून टार्किनला पुन्हा उभे करण्यात आले. जुन्या नोंदी बदलणाऱ्या विन्स्टनची आठवण झाल्याशिवाय राहत नाही. त्यांचा खराखुरा विन्स्टन मात्र अजून पाहता येतो. गुरुवारचा प्रयोग फिल्मवर मुद्रित करून ठेवला गेला होता. २०२२ साली ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने तो नव्याने स्वच्छ करून प्रसिद्ध केला. रविवारच्या प्रयोगाचे मुद्रण उरलेले नाही.