दादासाहेबांचा पहिला सिनेमा

तुम्ही दुबईत किंवा शारजात मोठ्या पडद्यावर हिंदी, मराठी सिनेमा पाहिलाच असेल. पण भारतात पूर्ण लांबीचा पहिला कथापट कोणी बनवला, ठाऊक आहे?

धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजेच दादासाहेब फाळके. जन्म १८७०, नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वरचा. मुंबईत त्यांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा सिनेमा पाहिला. आपले राम-कृष्ण असे पडद्यावर का दिसू नयेत? हा विचार त्यांच्या डोक्यातून जाईना.

पण पैसे कुठे होते? त्यांनी विम्यावर कर्ज काढलं. १९१२ मध्ये लंडनला जाऊन काम शिकले, कॅमेरा घेतला. पत्नी सरस्वतीबाईंनी दागिने दिले. सिनेमा बुडाला असता, तर घरही बुडालं असतं!

तेव्हा बायका सिनेमात काम करायला तयार नव्हत्या. म्हणून राणी तारामती झाले अण्णा साळुंके, हॉटेलात काम करणारा एक तरुण. राजपुत्र झाला दादासाहेबांचाच मुलगा. सरस्वतीबाई सगळ्यांचा स्वयंपाक करायच्या आणि फिल्मच्या कडेला भोकंही पाडायच्या.

३ मे १९१३ रोजी मुंबईत 'राजा हरिश्चंद्र' लागला. सिनेमा मुका होता, तरी लोकांनी गर्दी केली.

पुढे बोलपट आले, मूकपट मागे पडले. १९४४ मध्ये दादासाहेब नाशिकला वारले. आज भारतातला सर्वांत मोठा चित्रपट पुरस्कार त्यांच्या नावाने देतात. ते नाव ऐकलंत, की सरस्वतीबाईंनाही आठवा.

सांगा पाहू:
१. दादासाहेबांनी पैसे कसे उभे केले?
२. तुम्ही सरस्वतीबाईंच्या जागी असता, तर दागिने दिले असते का? का?