गाडीला थांबायला शिकविणारी बर्था

मोटारगाडीच्या जन्मकथेत मानाचे पान नेहमी इंजिनालाच मिळते. ब्रेकची आठवण होते ती तो लागला नाही तरच. मात्र पहिल्या मोटारगाडीच्या पहिल्या लांब प्रवासात गाडी चालेल की नाही, या प्रश्नाइतकाच ती उतारावर थांबेल की नाही, हा प्रश्नही बिकट ठरला होता. त्याचे उत्तर कोणा अभियंत्याने दिले नाही. एका खेड्यातल्या मोच्याच्या दुकानात, दोन मुलांना घेऊन माहेरी निघालेल्या एका गृहिणीने ते शोधून काढले. त्या गृहिणीचे नाव बर्था बेंझ. आज प्रत्येक कुटुंबाच्या गाडीत, पुढच्या चाकांच्या आत दडलेल्या ब्रेक पॅडची वंशावळ त्या दुकानापर्यंत जाऊन पोहोचते.

हुंडा आणि कारखाना

बर्था रिंगर यांचा जन्म ३ मे १८४९ रोजी जर्मनीतील बाडेन संस्थानातल्या फोर्झहाइम या गावी झाला. वडील बांधकामाच्या व्यवसायात सधन झालेले होते. कन्येच्या जन्माची नोंद करताना, पुन्हा मुलगीच झाल्याची खंत त्यांनी घरच्या बायबलमध्ये लिहून ठेवली होती, असे सांगितले जाते. बर्था यांना यंत्रांविषयी उपजत कुतूहल होते, पण उच्च शिक्षणाचा मार्ग बंद होता. बाडेनमधील विद्यापीठांनी स्त्रियांना रीतसर प्रवेश दिला तो १९०० साली. तोपर्यंत बर्था यांनी पन्नाशी गाठली होती.

१८६९ मध्ये त्यांची ओळख कार्ल बेंझ या तरुण अभियंत्याशी झाली. कार्ल यांच्याजवळ कार्ल्सरूहच्या तंत्रशिक्षण संस्थेतले ज्ञान होते आणि घोड्याविना चालणाऱ्या गाडीचे स्वप्न होते. पैसा मात्र नव्हता. मानहाइम येथे ऑगस्ट रिटर यांच्या भागीदारीत त्यांनी १८७१ मध्ये कारखाना काढला, पण भागीदाराशी जमेना. त्या वेळी बर्था यांनी आपल्या हुंड्याची रक्कम लग्नाआधीच वडिलांकडून मागून घेतली आणि ती रिटर यांचा वाटा फेडण्यासाठी उपयोगी पडली. २० जुलै १८७२ रोजी दोघांचा विवाह झाला. संसाराला सुरुवात होण्यापूर्वीच या स्त्रीने आपली सारी पुंजी एका न बनलेल्या यंत्रावर लावली होती.

पुढची वर्षे ओढगस्तीची गेली. १८७७ मध्ये कर्जापायी कारखाना लिलावात जाण्याची वेळ आली. तरीही प्रयोग थांबले नाहीत. १८७९ च्या अखेरच्या रात्री, रात्रीच्या जेवणानंतर पुन्हा एकदा इंजिन सुरू करून पाहावे, असा आग्रह बर्था यांनी धरला आणि कार्ल यांचे दोन टप्प्यांचे इंजिन त्या रात्री प्रथमच व्यवस्थित चालले. २९ जानेवारी १८८६ रोजी कार्ल यांनी तीनचाकी मोटारगाडीच्या पेटंटसाठी अर्ज केला. त्याच वर्षी ३ जुलै रोजी ती गाडी मानहाइमच्या रस्त्यावर जाहीरपणे धावली.

माहेरची वाट

गाडी धावली, पण गिऱ्हाईक फिरकेना. लोक ती पाहायला जमत, हसत, घाबरत आणि निघून जात. कार्ल स्वभावाने भिडस्त होते. गाडी परिपूर्ण झाल्याविना ती लांबच्या रस्त्यावर न्यायला ते तयार नव्हते. गाडीत काय कमी आहे हे मात्र लांबच्या रस्त्यावर नेल्याखेरीज कळणार नव्हते. ही अडचण बर्था यांनी ओळखली.

१८८८ च्या ऑगस्ट महिन्याच्या सुरुवातीला, कार्ल झोपेत असतानाच, त्यांनी तिसऱ्या नमुन्याची गाडी बाहेर काढली. सोबत १५ वर्षांचा ऑयगेन आणि १३ वर्षांचा रिचर्ड ही दोन मुले होती. इंजिनाची ताकद अवघी दोन-तीन अश्वशक्ती आणि वेग ताशी १६ किलोमीटरच्या आसपास. मानहाइम ते फोर्झहाइम हे अंतर सुमारे १०० किलोमीटर. वाटेत ना पेट्रोल पंप, ना गॅरेज, ना पक्का रस्ता.

प्रवासात एकामागून एक अडचणी आल्या. वीसलोख या गावी इंधन संपत आले, तेव्हा तिथल्या औषधाच्या दुकानातून लिग्रोइन विकत घेण्यात आले. हा खनिज तेलापासून बनणारा द्रव तेव्हा कपड्यांवरचे डाग काढण्यासाठी वापरला जाई. इंधनाची नळी तुंबली, ती बर्था यांनी टोपीच्या पिनेने मोकळी केली. विजेच्या तारेचे आवरण झिजले, तिथे मोज्याचा पट्टा गुंडाळला. साखळी ताणली गेली, ती ब्रुखझाल येथे लोहाराकडून नीट करून घेतली. इंजिन थंड ठेवण्यासाठी जागोजागी पाणी भरावे लागे. चढ आला की इंजिन दम टाकी आणि मुले खाली उतरून गाडी ढकलीत.

मोच्याच्या दुकानात

चढ ही गैरसोय होती, उतार हा धोका होता. गाडीचा ब्रेक अगदी साधा होता. हाताने दांडा ओढला की लाकडी ठोकळे मागच्या चाकांवर दाबले जात. सपाट रस्त्यावर तेवढे पुरे. डोंगराळ वाटेवर मात्र ठोकळे सतत घासले जाऊन झिजत व तापत, आणि मग त्यांची पकड सुटे. पोटची दोन मुले गाडीत बसलेली असताना ही बाब दुर्लक्ष करण्याजोगी नव्हती.

फोर्झहाइमच्या अलीकडे बाउशलोट हे खेडे लागते. तिथे बर्था यांनी एका मोच्याला गाठले आणि ब्रेकच्या ठोकळ्यांवर चामड्याचे तुकडे ठोकून घेतले. जोड्याला टाच मारावी तितकेच हे काम. पण त्यात एक महत्त्वाचे तत्त्व होते. ठोकळा तसाच ठेवायचा आणि झिजण्याचे काम त्याच्यावरच्या स्वस्त, बदलता येणाऱ्या अस्तराला द्यायचे. चामडे लाकडापेक्षा अधिक घट्ट पकड घेते आणि झिजले की नवे लावता येते. मोटारगाडीच्या ब्रेकला मिळालेले हे पहिले अस्तर मानले जाते.

तिघेही अंधार पडल्यावर फोर्झहाइमला पोहोचले आणि कार्ल यांना तार गेली. काही दिवसांनी ते त्याच गाडीने मानहाइमला परतले. या प्रवासाचे कौतुक झाले, गाडीचा बोलबाला झाला. बर्था यांच्या दृष्टीने मोलाची होती ती उणिवांची यादी. चढासाठी आणखी एक गिअर हवा आणि ब्रेक अधिक भरवशाचे हवेत, हे आता अंदाजाने सांगावे लागत नव्हते. कार्ल यांनी गाडीला जादा गिअर बसविला. त्याच वर्षी म्युनिकच्या यंत्रप्रदर्शनात गाडीने सुवर्णपदक मिळविले. १८९९ मध्ये बेंझ कंपनीने ५७२ वाहने बनविली आणि जगातील सर्वांत मोठा मोटार कारखाना म्हणून ती ओळखली जाऊ लागली.

चामड्याचे वारस

चामड्याची कल्पना पुढे अनेक हातांतून गेली. इंग्लंडमधील डर्बीशायर या डोंगराळ भागात हर्बर्ट फ्रूड यांनी १८९७ च्या सुमारास घोडागाड्यांच्या ब्रेकसाठी विशेष अस्तरे बनविण्याचा उद्योग सुरू केला. उष्णता सोसावी म्हणून पुढे अस्तरांत ॲस्बेस्टॉस आले. त्याची धूळ फुप्फुसांना घातक असल्याचे सिद्ध झाल्यावर युरोपीय संघाने २००५ पासून त्यावर संपूर्ण बंदी घातली. चाकासोबत फिरणारी चकती दोन्ही बाजूंनी पकडणाऱ्या डिस्क ब्रेकचे पेटंट इंग्लंडच्या फ्रेडरिक लँचेस्टर यांनी १९०२ मध्ये घेतले. १९५३ मध्ये डिस्क ब्रेक लावलेल्या जॅग्वार गाडीने फ्रान्समधील ल मान्सची २४ तासांची शर्यत जिंकली आणि या ब्रेकची उपयुक्तता जगासमोर आली.

बर्था यांच्या गाडीचे ब्रेक मागे होते. आजच्या गाडीत मुख्य भार पुढच्या ब्रेकवर असतो. ब्रेक दाबताच गाडीचे वजन पुढे झुकते, त्यामुळे थांबविण्याचे ६० ते ७० टक्के काम पुढची चाके करतात. साहजिकच पुढचे पॅड लवकर झिजतात. नव्या पॅडवरील अस्तराची जाडी साधारणपणे १० ते १२ मिलिमीटर असते. ती ३ मिलिमीटरवर आली की पॅड बदलणे श्रेयस्कर. अनेक पॅडना एक छोटी पत्री जीभ असते. अस्तर संपत आले की ती चकतीला घासून किंचाळते. हा आवाज म्हणजे इशारा असतो. त्यापुढे खरखर ऐकू येऊ लागली, तर लोखंडावर लोखंड घासत असून चकतीही खराब होत आहे, असे समजावे.

निवड करताना पॅडचा प्रकार पाहावा लागतो. सेंद्रिय तंतू व राळ यांपासून बनलेले पॅड मऊ आणि कमी आवाजाचे असतात, पण लवकर झिजतात व फार तापल्यास त्यांची पकड मंदावते. धातूमिश्रित पॅड उष्णता चांगली सोसतात, मात्र आवाज व काळी धूळ अधिक. सिरॅमिक पॅड शांत व स्वच्छ, पण महाग. शहरात आणि महामार्गावर चालणाऱ्या कुटुंबाच्या गाडीला उत्पादकाने ठरवून दिलेल्या प्रकाराचे पॅडच योग्य ठरतात. गाडीच्या पुस्तिकेतील भाग क्रमांक आणि खोक्यावरील क्रमांक जुळतो का, ॲस्बेस्टॉसरहित असा उल्लेख आहे का, हे पाहून ओळखीच्या दुकानातून पावतीसह खरेदी केली तर बनावट मालापासून बचाव होतो. पॅड नेहमी दोन्ही पुढच्या चाकांचे एकत्र बदलावेत; एकाच बाजूचे बदलल्यास ब्रेक दाबताना गाडी एका अंगाला ओढते.

बदलण्याचे काम अवघड नाही, पण निष्काळजीपणाला त्यात जागा नाही. गाडी सपाट जागी, हँडब्रेक ओढून आणि मागच्या चाकांना अडण लावून उभी करावी. चाकाचे नट आधी सैल करून मग जॅक लावावा आणि गाडी स्टँडवर टेकवावी. केवळ जॅकच्या भरवशावर काम करू नये. चाक काढल्यावर कॅलिपरचा खालचा बोल्ट सोडून तो वर उचलता येतो. पूर्ण काढावा लागल्यास तारेने अडकवून ठेवावा. ब्रेकच्या रबरी नळीवर त्याचा भार पडता कामा नये. चकतीवर खोल चरे आहेत का आणि तिच्यावर कोरलेल्या किमान जाडीपेक्षा ती पातळ झाली आहे का, हे तपासावे. धूळ फुंकरीने किंवा हवेच्या झोताने न उडविता ब्रेक क्लीनरने धुवावी.

जुना पॅड पातळ झाल्याने कॅलिपरचा पिस्टन बाहेर आलेला असतो. तो सी-क्लॅम्पने हळूहळू मागे सारावा. त्या वेळी ब्रेक ऑइलच्या टाकीतील पातळी वाढते, म्हणून तिच्यावर लक्ष ठेवावे. सांडलेल्या ऑइलने गाडीचा रंग जातो. कॅलिपरच्या सरकत्या पिना साफ करून त्यांना ब्रेकसाठीचेच ग्रीस लावावे. पॅडच्या अस्तराला वा चकतीला मात्र ग्रीसचा थेंबही लागू देऊ नये. दोन्ही बाजूंचे काम झाल्यावर, गाडी सुरू करून हलविण्यापूर्वी ब्रेकचे पेडल घट्ट लागेपर्यंत अनेकदा दाबावे. ही एक पायरी विसरली तर पहिल्या वळणावरच पेडल थेट तळाला जाते. पुढचे दोनशे-तीनशे किलोमीटर, निकड नसल्यास, जोरात ब्रेक मारणे टाळावे. तेवढ्यात पॅड आणि चकती एकमेकांशी जुळून येतात. यातील कशाचीही खात्री नसेल, तर काम जाणत्या मेकॅनिककडेच सोपवावे. बर्था यांनीही चामडे स्वतः ठोकले नव्हते. दुरुस्ती केव्हा हवी, कशाची हवी आणि ती कोणाला जमेल, हे त्यांनी ओळखले होते.

उशिरा आलेला सन्मान

कार्ल आणि बर्था पुढे लाडेनबुर्ग या गावी राहायला गेले. १९०६ मध्ये तिथे मुलांच्या साथीने नवा कारखाना उभा राहिला. १९२५ साली प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात कार्ल यांनी, पडत्या काळात पत्नीच तेवढी खंबीरपणे सोबत राहिली, असे कृतज्ञतेने नमूद केले. पुढच्याच वर्षी बेंझ आणि डाइमलर या कंपन्या एक झाल्या. कार्ल यांचे निधन ४ एप्रिल १९२९ रोजी झाले.

बर्था त्यानंतर १५ वर्षे जगल्या. ज्या कार्ल्सरूहच्या संस्थेत कार्ल शिकले होते, त्याच संस्थेने ३ मे १९४४ रोजी, ९५ व्या वाढदिवशी, त्यांना मानद सिनेटर हा बहुमान दिला. त्यानंतर दोनच दिवसांनी, ५ मे रोजी लाडेनबुर्ग येथे त्यांची प्राणज्योत मालवली.

मानहाइम ते फोर्झहाइम आणि परत, हा त्यांचा मार्ग २००८ पासून स्मृतिमार्ग म्हणून जपला जात आहे. वीसलोखचे ते औषधाचे दुकान जगातील पहिला पेट्रोल पंप म्हणून प्रसिद्ध आहे. बाउशलोटच्या मोच्याच्या वाट्याला तेवढी प्रसिद्धी आली नाही. पण इंधने बदलली, इंजिनेही बदलत आहेत. विजेवर चालणाऱ्या गाडीलासुद्धा थांबण्यासाठी झिजणारे अस्तर लागतेच. लांबच्या प्रवासाला मुलाबाळांसह निघण्यापूर्वी ज्या घरात पुढच्या चाकांचे पॅड तपासले जातात, त्या घरात बर्था बेंझ यांचा धडा नीट पोहोचला आहे, असे म्हणायला हरकत नाही.