विश्वनाथ काशिनाथ राजवाडे

विश्वनाथ काशिनाथ राजवाडे (जन्म : इ.स. १८६३, वरसई, मृत्यू : ३१ डिसेंबर १९२६, धुळे) हे मराठी इतिहाससंशोधक, संपादक आणि भाषाभ्यासक होते. ‘इतिहासाचार्य’ या उपाधीने ते ओळखले जातात. ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचे बावीस खंड त्यांनी प्रसिद्ध केले. राजे व सरदार यांच्या पत्रव्यवहाराबरोबरच वतन, इनाम आणि जमीनमहसूल यांसंबंधीचे घरगुती कागदही त्यांनी इतिहासाचे साधन म्हणून गोळा केले. महाराष्ट्रातील घराण्यांच्या वंशावळी व गावांचे इतिहास अस्सल कागदांच्या आधारे लिहिण्याची वाट या कामामुळे मोकळी झाली.

जन्म व शिक्षण

राजवाडे यांचा जन्म सध्याच्या रायगड (तत्कालीन कुलाबा) जिल्ह्यातील वरसई या गावी झाला. १८५७ च्या उठावाच्या काळातील प्रवासाची हकीकत लिहिणारे विष्णुभट गोडसे हेही याच गावचे. लहानपणीच वडिलांचे छत्र हरपल्याने राजवाडे यांचे बालपण आप्तांच्या आधाराने गेले. त्यांचे बंधू वैजनाथ काशिनाथ राजवाडे हे संस्कृतचे व निरुक्ताचे जाणकार म्हणून प्रसिद्धीस आले. विश्वनाथरावांनी पुण्याच्या डेक्कन कॉलेजातून बी.ए.ची पदवी मिळविली व काही काळ शिक्षकाचे काम केले. ऐन तारुण्यात पत्नीचे निधन झाल्यावर त्यांनी पुन्हा विवाह केला नाही, तसेच सरकारी नोकरीही पत्करली नाही.

१८९० नंतरच्या दशकात त्यांनी ‘भाषांतर’ नावाचे मासिक चालविले. प्लेटोच्या ‘रिपब्लिक’ या ग्रंथाचे त्यांनी केलेले मराठी रूपांतर त्यात प्रसिद्ध झाले. इंग्रजी उत्तम येत असूनही आपले सर्व संशोधन मराठीतच लिहावयाचे, हा नेम त्यांनी अखेरपर्यंत पाळला.

साधनांचा शोध

मराठ्यांच्या इतिहासाचे लेखन तोवर मुख्यतः बखरी आणि ग्रँट डफ याचा इंग्रजी ग्रंथ यांवर अवलंबून होते. बखरी बहुधा घटनेनंतर बऱ्याच काळाने लिहिलेल्या असल्याने त्यांतील तिथी व नावे यांचा भरवसा धरता येत नसे. त्या त्या वेळी, व्यवहारासाठी लिहिलेला कागदच आधी पाहिला पाहिजे, अशी राजवाडे यांची धारणा होती. १८९८ साली ‘साधनां’चा पहिला खंड निघाला. १७५० ते १७६१ या, पानिपतच्या युद्धापर्यंतच्या काळातील पत्रे त्यात असून त्यांना विस्तृत प्रस्तावना जोडली होती. याच काळात सातारकर दत्तात्रेय बळवंत पारसनीस आणि मिरजेचे वासुदेवशास्त्री खरे हेही आपापल्या परीने कागद प्रसिद्ध करीत होते.

राजवाडे यांनी पुढील आयुष्य मुख्यतः भ्रमंतीत घालविले. गावोगाव जाऊन देशमुख, देशपांडे, कुलकर्णी, जोशी, मठाधिपती यांच्या घरची दप्तरे पाहावयाची, मोडी कागद वाचावयाचे व बाळबोध लिपीत उतरून घ्यावयाचे, असा त्यांचा क्रम होता. गरजा त्यांनी अगदी कमी ठेवल्या होत्या. स्वयंपाकही ते स्वतः करीत.

कागद दाखविण्यास अनेक घराणी नाखूश असत, आणि त्यामागे कारण होते. वतनाचा किंवा इनामाचा हक्क कागदावर टिकून असे. पेशवाई बुडाल्यानंतर मुंबई इलाख्यात १८५२ च्या अकराव्या कायद्याने इनाम कमिशनला अधिकार मिळाले आणि इनामदारांना आपला हक्क कागदोपत्री सिद्ध करावा लागला. ज्यांना तो सिद्ध करता आला नाही, त्यांतील अनेकांची इनामे खालसा झाली. दप्तर परक्याच्या हाती जाऊ देण्याची धास्ती त्या पिढीने पुढच्या पिढीस दिली. १८६३ च्या कायद्यांनी इनामांचा निकाल बऱ्याच अंशी लागल्यावर मात्र उलटे घडले. जुन्या कागदांचा व्यवहारातील उपयोग संपला, मोडी वाचणारे कमी झाले आणि माळ्यावरचे रुमाल वाळवी व कसर यांच्या भक्ष्यस्थानी पडू लागले किंवा रद्दीत जाऊ लागले. राजवाडे यांची धडपड या दुसऱ्या काळातील आहे. भीतीमुळे दडवलेले कागद उपेक्षेमुळे नष्ट होण्यापूर्वी त्यांना गाठावयाचे होते.

वतनी व महसुली कागद

‘साधनां’च्या पंधराव्या खंडापासून पुढील काही खंडांत शिवकालीन घराण्यांचे कागद मोठ्या प्रमाणात आले आहेत. लढाया व तह यांच्या इतिहासात ज्यांना स्थान नव्हते, असे पाटील, कुलकर्णी, मिरासदार व बलुतेदार या प्रकारच्या कागदांत नावानिशी भेटतात.

घराण्याचा किंवा गावाचा इतिहास शोधणाऱ्यास या दप्तरांतील पुढील प्रकार विशेष उपयोगी पडतात.

महजर व निवाडपत्र : वतनाच्या वादात गोत, म्हणजे गावकरी, वतनदार व अधिकारी यांची सभा बसे. तिच्यासमोर झालेल्या चौकशीची व निर्णयाची ही नोंद होय. वादी व प्रतिवादी आपला हक्क सांगताना अनेक पिढ्यांची नावे सांगत, त्यामुळे वंशावळ आपोआप नोंदली जाई. निरक्षर साक्षीदार व्यवसायाची निशाणी करीत. शेतकऱ्याचा नांगर किंवा वाण्याची तागडी पाहून त्या दिवशी गावातून कोण हजर होते, हे कळते. शिवेच्या तंट्यात महारांची साक्ष महत्त्वाची मानली जाई.

करीना : घराण्याने स्वतः सांगितलेली आपल्या वतनाची हकीकत. मूळ पुरुष कोण, वतन कसे मिळाले, भाऊबंदांत वाटणी कशी झाली, हे तीत येते.

थळझाडा : गावातील थळांची, म्हणजे जमिनीच्या मूळ तुकड्यांची, व त्यांच्या धारकांची नोंद. थळाला पुष्कळदा मूळ कुळाचे नाव असे आणि जमीन दुसऱ्याकडे गेली तरी ते नाव टिकून राही. ज्या कुळाचा वंश खुंटला किंवा जे गाव सोडून गेले, त्याची जमीन ‘गतकूळ’ म्हणून लिहिली जाई. म्हणून गावात आज ज्यांचे एकही घर नाही, अशा कुळांचा माग थळझाड्यावरून लागतो. १८३६ पासून इंदापूर भागात सुरू झालेली नवी पाहणी पुढे सर्वत्र पसरली, शेतांना सर्व्हे नंबर मिळाले आणि थळांची नावे हळूहळू वापरातून गेली.

जमाबंदी व ताळेबंद : गावाचा आकार, प्रत्यक्ष वसूल, सूट, बाकी आणि गावखर्च यांचे हिशेब. कारागीर व व्यापारी यांच्यावरील मोहतर्फा कराच्या नोंदीवरून गावात कोणते व्यवसाय होते, ते समजते. एकाच गावाचे लागोपाठच्या वर्षांचे हिशेब मिळाल्यास दुष्काळ, स्वारी किंवा लोकांचे गाव सोडून जाणे यांचे परिणाम आकड्यांत दिसतात.

हे कागद वाचताना मोडी लिपीबरोबर कालगणनाही यावी लागते. महसुली कागदांत सुहूर सन अरबी संख्यावाचक शब्दांत लिहिलेला असतो. उदाहरणार्थ, ‘सबा खमसैन मया अलफ’ म्हणजे सात, पन्नास, शंभर व हजार मिळून ११५७. सुहूर सनात ५९९ किंवा ६०० मिळविले असता इसवी सन येतो, म्हणून हे वर्ष १७५६-५७ ठरते. हे वर्ष मृग नक्षत्राच्या सुमारास सुरू होत असल्याने महिना पाहिल्याशिवाय इसवी सन निश्चित करता येत नाही.

महिकावतीची बखर

१९२४ साली राजवाडे यांनी संपादित केलेली ‘महिकावतीची बखर’ प्रसिद्ध झाली. महिकावती म्हणजे माहीम. उत्तर कोकणातील राजवटी, तेथे येऊन वसलेली कुळे, त्यांची गोत्रे, गावे व वृत्ती यांची माहिती या बखरीत आहे. तिची प्रकरणे निरनिराळ्या काळी रचलेली आहेत. दीर्घ प्रस्तावनेत राजवाडे यांनी त्या प्रदेशातील वसाहतीचा व ग्रामसंस्थेचा विचार केला आणि राज्ये बदलली तरी गावाचा व्यवहार कसा चालू राहिला, हा प्रश्न मांडला. त्यांचे सर्व कालनिर्णय पुढील अभ्यासकांनी मान्य केलेले नाहीत. तथापि एका लहान प्रदेशाचा इतिहास तेथील कुळांच्या व वस्तीच्या अंगाने पाहण्याचे हे मराठीतील महत्त्वाचे उदाहरण आहे.

अन्य कार्य

७ जुलै १९१० रोजी राजवाडे यांनी सरदार खंडेराव चिंतामण मेहेंदळे यांच्या सहकार्याने पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळाची स्थापना केली. विखुरलेले कागद एका ठिकाणी जतन व्हावेत आणि अभ्यासकांनी आपले शोध परस्परांपुढे मांडावेत, हा त्यामागील हेतू होता. पुढे मतभेदांमुळे ते मंडळापासून दूर झाले व अखेरची वर्षे त्यांनी धुळे येथे काढली.

१९०९ साली त्यांनी आपल्याला सापडलेल्या जुन्या पोथीवरून ज्ञानेश्वरी संपादित केली व तिच्या भाषेचे व्याकरण लिहिले. जयराम पिंड्ये याचे ‘राधामाधवविलासचंपू’ हे काव्य त्यांनी १९२२ मध्ये प्रसिद्ध केले. त्याच्या प्रस्तावनेत शहाजीराजांच्या चरित्राची विस्तृत चर्चा आहे. मराठी धातू व नामे यांच्या व्युत्पत्तीचे त्यांचे कोश आणि ‘भारतीय विवाहसंस्थेचा इतिहास’ हे पुस्तक त्यांच्या मृत्यूनंतर प्रकाशित झाले.

साधनांच्या मर्यादा व टीका

वतनी कागद पुष्कळदा वादात पुरावा म्हणून पुढे आलेले असतात. हक्क जुना दाखविण्यासाठी वंशावळ मागे लांबविणे, मधल्या पिढ्या गाळणे, प्रतिस्पर्धी शाखेचे नाव वगळणे आणि प्रसंगी बनावट कागद तयार करणे, हे प्रकार होत असत. म्हणून करीन्यातील वंशावळ त्याच काळच्या हिशेबांतील नावांशी ताडून पाहावी लागते. हिशेब लिहिणाऱ्याला कर कोणाकडून घ्यावयाचा एवढ्याशीच काम असल्याने त्यात खातेदार पुरुषांची नावे येतात. स्त्रिया वारस, विधवा किंवा वादी म्हणून क्वचित दिसतात आणि भूमिहीनांची नोंद त्याहून विरळ असते.

राजवाडे यांच्या लेखनावरही टीका झाली आहे. अपुऱ्या पुराव्यावरून ते कधी कधी मोठे निष्कर्ष काढीत, आणि वर्ण व जाती यांविषयीच्या त्यांच्या मतांना अनेक अभ्यासकांनी विरोध केला. त्यांनी संपादलेली ज्ञानेश्वरीची प्रतही वादाचा विषय ठरली. मात्र मूळ कागद छापून वाचकांपुढे ठेवल्यामुळे त्यांच्या निष्कर्षांची तपासणी त्यांनीच दिलेल्या साधनांवरून करणे इतरांना शक्य झाले.

प्रभाव

पेशवे दप्तर १८१८ नंतर इंग्रज सरकारने पुण्यात एकत्र केले होते, परंतु खासगी संशोधकांना तेथे दीर्घकाळ मुक्त प्रवेश नव्हता. गोविंद सखाराम सरदेसाई यांनी संपादित केलेले त्यातील निवडक कागदांचे ४५ खंड १९३० ते १९३४ या काळात, राजवाडे यांच्या मृत्यूनंतर, प्रसिद्ध झाले. भारत इतिहास संशोधक मंडळाच्या ‘शिवचरित्रसाहित्य’ मालेत वतनी कागदांचे प्रकाशन पुढे चालू राहिले. नारायण गोविंद चापेकर यांनी जमाखर्चाच्या कागदांवरून पेशवेकालीन समाजजीवन मांडले, तर अ. रा. कुलकर्णी आणि जपानी अभ्यासक हिरोशी फुकाझावा यांनी अशाच साधनांवरून गाव, वतन व बलुतेपद्धती यांचा अभ्यास केला.

राजवाडे यांच्या निधनानंतर त्यांच्या संग्रहाच्या जतनासाठी धुळे येथे राजवाडे संशोधन मंडळ स्थापन झाले. आपल्या घराण्याचा किंवा गावाचा पूर्वेतिहास शोधणाऱ्यांना ‘साधनां’चे खंड, या दोन मंडळांचे संग्रह आणि पुणे पुराभिलेखागारातील दप्तरे आजही उपयोगी पडतात. ज्या घरांतून हे कागद आले, त्यांपैकी अनेकांच्या मूळ दप्तरांचा आता ठावठिकाणा नाही. अशा ठिकाणी राजवाडे यांनी उतरून घेतलेली नक्कलच त्या घराण्याच्या जुन्या पिढ्यांचा एकमेव पुरावा उरते.