विरघळणाऱ्या टाक्याची गोष्ट

मेसमध्ये जेवायला बसलेल्या मुलांना सहज विचारून बघा. अंगावर टाक्यांची खूण असलेला एक तरी प्रत्येक टेबलावर सापडेल. कुणी लहानपणी चिंचेच्या झाडावरून पडलेला, कुणी बाईकवरून घसरलेला, तर कुणाचं अपेंडिक्स काढलेलं. ती खूण दाखवताना प्रत्येकाची छाती फुगते, आणि किती टाके पडले हा आकडा दरवर्षी थोडा थोडा वाढतच जातो! पण टाके पडल्यावर आपण वाचलो कसे, हे कुणी विचारत नाही. जखम शिवली म्हणजे ती भरणारच, हे आपण धरूनच चालतो.

दीडशे-पावणेदोनशे वर्षांपूर्वी असं धरून चालता येत नव्हतं. टाके तेव्हाही होते. सुई होती, रेशमाचा धागा होता. आपल्याकडे तर सुश्रुतसंहितेत टाक्यांचे प्रकार आणि त्यांना लागणारे धागे फार पूर्वीच लिहून ठेवलेले आहेत. नव्हती ती शिवलेली जखम चिघळणार नाही याची खात्री. ती खात्री ज्याच्यामुळे मिळाली, तो इंग्लंडचा सर्जन जोसेफ लिस्टर. माणूस डॉक्टर, पण डोकं पक्कं इंजिनीअरचं, म्हणून त्याची गोष्ट आपल्या अंकात सांगावीशी वाटली.

लिस्टरचा जन्म ५ एप्रिल १८२७ चा, लंडनजवळच्या अप्टन गावातला. घर क्वेकर पंथाचं, म्हणजे साधी राहणी, थोडं बोलणं आणि भरपूर काम. वडील दारूचे व्यापारी, पण त्यांचा खरा जीव भिंगांत अडकलेला. सूक्ष्मदर्शकाच्या भिंगातून दिसणाऱ्या चित्राला रंगीत कडा यायच्या. तो दोष कमी करण्याचं मोठं काम या व्यापाऱ्यानं फावल्या वेळात केलं आणि त्यावर रॉयल सोसायटीचे सभासद झाले. त्यामुळे पोराच्या हातात लहानपणापासून सूक्ष्मदर्शक. पुढे सगळे सर्जन जखमेकडे नुसत्या डोळ्यांनी बघत असताना हा भिंगातून बघायचा, त्याचं मूळ या घरात आहे.

क्वेकर असल्यामुळे ऑक्सफर्ड-केंब्रिजची दारं बंद. तो शिकला लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात. १८५२ साली डॉक्टर झाला आणि १८५३ मध्ये एडिंबरोला जेम्स साइम या नामांकित सर्जनकडे गेला. काही दिवसांसाठी म्हणून गेला होता, पण तिथेच रमला. १८५६ मध्ये साइमची मुलगी अ‍ॅग्नेस हिच्याशी लग्न केलं आणि त्यासाठी क्वेकर पंथ सोडला. अ‍ॅग्नेस म्हणजे त्याची आयुष्यभराची लॅब पार्टनर. प्रयोगांच्या वह्यांची पानंच्या पानं तिच्या अक्षरात आहेत. त्यांना मूलबाळ नव्हतं. घरात होत्या त्या काचेच्या बाटल्या, प्रयोग आणि नोंदी.

१८६० साली तो ग्लासगोला प्राध्यापक झाला आणि पुढच्याच वर्षी तिथल्या रॉयल इन्फर्मरीत सर्जन. आता त्या काळचं हॉस्पिटल डोळ्यांसमोर आणा. ऑपरेशनचा कोट रक्तानं कडक झालेला आणि त्याचाच सर्जनला अभिमान. एका पेशंटच्या जखमेत घातलेली सळई पुसून दुसऱ्याच्या जखमेत. जखमेत पू झाला तर तो चांगला पू, जखम भरायची खूण, असं मानणारे डॉक्टरसुद्धा होते. लिस्टरच्या वॉर्डच्या भिंतीलगत, जमिनीखाली जेमतेम काही इंचांवर, १८४९ च्या कॉलऱ्यात मेलेल्यांच्या शवपेट्या पुरलेल्या होत्या! १८४६ पासून ईथरची भूल आली होती, त्यामुळे ऑपरेशनं वाढली होती आणि नंतर चिघळून मरणारेही. दोष कुणाचा? तर खराब हवेचा. म्हणजे कुणाचाच नाही.

लिस्टरला एक गोष्ट खटकत होती. हाड मोडलं पण वरची कातडी शाबूत राहिली, तर पेशंट बहुधा बरा होतो. तेच हाड मोडून कातडी फाडून बाहेर आलं, तर जखम सडते, पाय कापावा लागतो, नाहीतर जीव जातो. हाड तेच, वॉर्ड तोच, हवा तीच. फरक फक्त कातडीचा. आपल्या भाषेत सांगायचं तर बाकी सगळे पॅरामीटर स्थिर आणि बदलणारा एकच. याचा अर्थ सडवणारी गोष्ट बाहेरून, उघड्या कातडीतून आत शिरते.

इथे मला घरची गोष्ट आठवते. माझे पणजोबा ऊस तोडताना पायाला कोयता लागून गेले. लागल्यानंतर बाराव्या दिवशी गेले. घरात अजूनही ते कोयत्यानं गेले असंच म्हणतात. पण आजी सांगते, रक्त त्याच दिवशी थांबलं होतं, दुसऱ्या दिवशी ते उठून ओट्यावर बसले होते. पाय सुजला, ताप चढला तो नंतर. लिस्टरबद्दल वाचल्यावर माझ्या लक्षात आलं की कोयत्यानं फक्त दार उघडलं होतं. जीव घेतला तो त्या दारातून आत आलेल्यानं.

आत येणारं ते काय, याचं उत्तर लिस्टरला १८६५ मध्ये मिळालं. थॉमस अँडरसन या रसायनशास्त्राच्या प्राध्यापकानं त्याला फ्रान्समधल्या लुई पाश्चरचं काम वाचायला सांगितलं. दारू आणि दूध आपोआप नासत नाहीत, त्यांत सूक्ष्मजीव शिरतात म्हणून नासतात, हे पाश्चरनं दाखवलं होतं. हे जीव हटवायचे मार्ग तीन : गाळणं, तापवणं किंवा रसायन वापरणं. आता माणसाचा पाय गाळता येत नाही आणि उकळताही येत नाही. राहिलं रसायन. कार्लाइल गावात सांडपाण्याची घाण मारायला डांबरापासून मिळणारं कार्बोलिक अ‍ॅसिड वापरतात, हे लिस्टरच्या वाचनात आलं होतं. गटाराचं औषध त्यानं जखमेसाठी उचललं!

१२ ऑगस्ट १८६५. जेम्स ग्रीनलीस नावाचा अकरा वर्षांचा पोरगा इन्फर्मरीत आणला. पायावरून गाडीचं चाक गेलेलं, हाड मोडलेलं आणि वर उघडी जखम. लिस्टरनं कार्बोलिकमध्ये भिजवलेलं कापड जखमेवर ठेवलं, वरून कथलाचा पत्रा लावला आणि फळ्या बांधल्या. चार दिवसांनी उघडून पाहिलं तर पू नाही, घाण वास नाही. सहा आठवड्यांत हाड जुळलं आणि पोरगा स्वतःच्या दोन पायांवर घरी गेला. योगायोग बघा, याच्या दुसऱ्याच दिवशी, १३ ऑगस्टला, व्हिएन्नाच्या एका वेड्यांच्या इस्पितळात इग्नाझ सेमेलवाइस हा डॉक्टर मेला. बाळंतिणी मरू नयेत म्हणून डॉक्टरांनी हात धुवावेत, हे त्यानं १८४७ पासून जीव तोडून सांगितलं होतं. कुणी ऐकलं नाही. त्याचा मृत्यूही जखम चिघळूनच झाला.

१८६७ साली लिस्टरनं ‘लॅन्सेट’मध्ये अकरा पेशंटची हकिगत छापली. त्यातले नऊ पाय शाबूत ठेवून बरे झाले होते. पुढे त्यानं हात-पाय कापण्याच्या ऑपरेशनांचा हिशोबही मांडला. आधीच्या पद्धतीत ३५ पैकी १६ दगावले होते, नव्या पद्धतीत ४० पैकी ६. आकडे छोटे आहेत, पण त्या १६ आणि ६ मध्ये किती घरं वाचली याचा विचार करा.

आता येऊ टाक्याकडे. तेव्हा कापलेली रक्तवाहिनी रेशमी धाग्यानं बांधायचे आणि धाग्याची लांब टोकं जखमेबाहेर लोंबत ठेवायचे. आतली गाठ कुजून सुटली की धागा ओढून काढायचा. म्हणजे जखम कुजणार हे डिझाइनमध्येच धरलेलं! कधीकधी धाग्याबरोबर रक्तवाहिनीचं तोंडही सुटायचं आणि पेशंट रक्तस्रावानं जायचा. लिस्टरनं विचार केला, धागाच जंतुविरहित केला तर टोकं कापून जखम पूर्ण बंद करता येईल. तसं त्यानं केलंही. पण एक बाई ऑपरेशननंतर काही महिन्यांनी दुसऱ्या कारणानं वारल्या, तेव्हा तपासणीत दिसलं की रेशीम आत तसंच पडून आहे आणि भोवती थोडा द्रव साठलाय. त्याला असा धागा हवा होता जो काम झालं की स्वतःहून नाहीसा होईल.

तो त्याला मिळाला कॅटगटमध्ये. नावात कॅट असलं तरी मांजराचा काही संबंध नाही, मेंढीच्या आतड्यापासून ही तात बनते. डिसेंबर १८६८ मध्ये वडिलांच्या अप्टनच्या घरी त्यानं एका वासराची मानेतली रक्तवाहिनी कार्बोलिकमध्ये भिजवलेल्या कॅटगटनं बांधली. तीस दिवसांनी पाहिलं तर गाठीच्या जागी जिवंत पेशींचा पट्टा तयार झालेला. शरीरानं धाग्याची जागा स्वतःच्या मालानं भरून काढली होती.

गेल्या वर्षी माझ्या रूममेटचं अपेंडिक्सचं ऑपरेशन झालं. आठव्या दिवशी वरचे टाके काढायला मी बरोबर गेलो होतो. आतले टाके कधी काढणार, असं त्यानं घाबरत घाबरत विचारलं. डॉक्टर हसून म्हणाले की ते तुझं शरीरच काढेल. आजचे विरघळणारे धागे बहुतेक कृत्रिम पॉलिमरचे असतात आणि शरीरातल्या पाण्यानं हळूहळू तुटत जातात. पण कल्पना तीच, वासरावर तपासलेली.

आपल्या सिव्हिलवाल्यांना हे लगेच कळेल. स्लॅब टाकताना खाली सेंटरिंग लावतो, पण पुढे इमारत त्यावर उभी नसते. काँक्रीटला ताकद येईपर्यंतचा तो आधार. टाका म्हणजे जखमेचं सेंटरिंग. आधी रक्त गोठतं, मग पांढऱ्या पेशी येऊन साफसफाई करतात, मग कोलॅजेनचे तंतू विणले जातात. वरची कातडी एक-दोन दिवसांत सांधते, पण आठवड्याच्या शेवटी जखमेची ताकद मूळ कातडीच्या साधारण १० टक्केच असते. तीन महिन्यांनी ७०-८० टक्के, आणि पूर्ण १०० कधीच नाही. म्हणून चेहऱ्याचे टाके चार-पाच दिवसांत निघतात, पायाचे दहा ते चौदा दिवसांनी. गाठ फार आवळली तर कडांचा रक्तपुरवठा तुटतो आणि त्या मरतात, नट जास्त आवळला की थ्रेड जातात तसं.

लिस्टरचं हे सगळं लगेच पटलं असं मात्र नाही. जर्मन सर्जननी लवकर उचललं, लंडनवाले नाकं मुरडत राहिले. १८७१ मध्ये त्यानं राणी व्हिक्टोरियाच्या काखेतलं गळू कापलं आणि पू वाहून जायला रबराची नळी बसवली, तरी शंका होत्याच. १८७७ मध्ये तो मुद्दाम लंडनच्या किंग्ज कॉलेजात आला. तिथे त्यानं फुटलेली गुडघ्याची वाटी उघडून चांदीच्या तारेनं शिवली. धडधाकट सांधा उघडणं म्हणजे तोपर्यंत वेडेपणा समजला जायचा. पेशंट बरा झाला आणि बऱ्याच जणांची तोंडं बंद झाली.

मला तो सर्वांत मोठा वाटतो तो दुसऱ्याच कारणानं. ऑपरेशनच्या वेळी हवेत कार्बोलिकचा फवारा मारायची पद्धत त्यानंच सुरू केली होती. सगळ्यांच्या हातांची सालं निघायची, घसे खवखवायचे. पुढे लक्षात आलं की खरा धोका हवेपेक्षा हातांत, हत्यारांत आणि कापडांत आहे. तेव्हा त्यानं फवारा बंद केला आणि १८९० मध्ये बर्लिनच्या परिषदेत, जगभरच्या डॉक्टरांसमोर, आपण असं काही सुचवलं याची लाज वाटते असं सांगून टाकलं. तेव्हा तो जगप्रसिद्ध होता, गप्प बसला असता तरी चाललं असतं. आपण जर्नलमध्ये एक रीडिंग चुकलं तर ग्राफवर कसं बसवतो ते आठवा!

१८९३ मध्ये इटलीत अ‍ॅग्नेस न्यूमोनियानं गेली आणि त्यानंतर त्याचं कामातलं मन उडालं. मानमरातब येतच राहिले. १८९५ ते १९०० तो रॉयल सोसायटीचा अध्यक्ष होता, १८९७ मध्ये लॉर्ड झाला. पण टाक्यानं काही त्याला सोडलं नाही. वयाच्या ऐंशीनंतर, १९०८ मध्ये, त्यानं कॅटगट कसं तयार करावं यावर पुन्हा एक टिपण छापलं. एका धाग्यावर चाळीस वर्षं! १० फेब्रुवारी १९१२ रोजी तो वारला. वेस्टमिन्स्टर अ‍ॅबेत थोरामोठ्यांच्या शेजारी जागा मिळाली असती, पण त्याच्या इच्छेप्रमाणे त्याला हॅम्पस्टेडच्या स्मशानात अ‍ॅग्नेसजवळ पुरलं.

तर मित्रांनो, वर्कशॉपमध्ये हात कापला तर आधी साबणानं आणि वाहत्या पाण्यानं जखम धुवा. चहापूड, टूथपेस्ट वगैरे रूममेटचे प्रयोग त्यात भरू नका. धनुर्वाताचं इंजेक्शन विचारून घ्या, आणि जखम भरेपर्यंत तरी सिगारेट सोडा, कारण तिनं कातडीचा रक्तपुरवठा आखडतो. टाके निघाले म्हणून दुसऱ्या दिवशी लगेच फास्ट बोलिंग टाकायला जाऊ नका. सेंटरिंग निघालंय, स्लॅब अजून ओला आहे.